सिक्वेला म्हणजे साइड इफेक्ट नव्हे!

प्रश्न असा आलाय की मेडिकल कोडिंग (म्हणजे पेशंटच्या आजाराला, दुखापतीला ठरलेला सांकेतिक कोड लावणं) शिकणाऱ्या एकीला व्ही०३.१०एक्सएस हा कोड समजून घ्यायचाय. पायी चालणाऱ्याला रस्त्यावर मोटार, पिकअप नाहीतर व्हॅनची धडक, आणि पुढे शेपटाला 'सिक्वेला'. शिकवणाऱ्यांनी सांगितलं सिक्वेला म्हणजे साइड इफेक्ट. हे बरोबर आहे का, आणि मराठीत काय म्हणायचं?

बरोबर नाही, आणि हे ऐकून ऐकून आता कान किटलेत. साइड इफेक्ट औषधाचा असतो, उपचाराचा असतो, म्हणजे एका कामासाठी गोळी घेतली आणि भलतंच काही झालं. गाडीने उडवलं आणि पाय कायमचा आखूड झाला तर त्याला साइड इफेक्ट कसं म्हणणार? मग त्या धडकेचा मुख्य फायदा काय होता म्हणे? 'दुष्परिणाम' लिहिणारे त्यातल्या त्यात बरे, पण त्यातही मुद्दा निसटतो. मूळ दुखापत बरी झाली, तिचा तीव्र काळ संपला, आणि तरी तिच्यामुळे काहीतरी मागे राहिलं, ते सिक्वेला. जखम भरली, व्रण राहिला. हाड जुळलं, गुडघ्यात संधिवात बसला.

दुसरा घोळ त्या शेवटच्या अक्षराचा. आयसीडी-१०-सीएम ही आयसीडीची, म्हणजे आजार-दुखापतींच्या आंतरराष्ट्रीय कोडयादीची, अमेरिकेतली आवृत्ती, तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे, तिच्यात अशा कोडांना सातवं अक्षर लागतं: ए म्हणजे मूळ दुखापतीवर प्रत्यक्ष उपचार चालू, डी म्हणजे ती भरून येतानाची पुढची देखभाल, एस म्हणजे सिक्वेला. हाड भरतंय का बघायला आलेल्या पेशंटला एस लावणारे लोक आहेत, का तर म्हणे 'नंतर' आला ना! अहो नंतर आला म्हणून नाही, काहीतरी मागे राहिलंय म्हणून एस. (मधला एक्स नुसता जागा भरायला आहे, त्याच्यात अर्थ शोधू नका.) आणि आधी आजचा त्रास लिहायचा, मग मूळ दुखापत. म्हणजे उजव्या गुडघ्यात अपघातानंतरचा संधिवात असेल तर एम१७.३१ पहिला, मग नडगीच्या वरच्या टोकाच्या फ्रॅक्चरचा एस८२.१ मधला कोड शेवटी एस लावून, आणि मग आपला व्ही०३. एस८२ मधला पहिला एस हा दुखापतींच्या प्रकरणाचा, शेवटचा सिक्वेलाचा, दोघांचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही. संधिवाताच्या कोडाला एस लावायचा नसतो, तो दुखापतीच्या कोडाला. किती दिवसांनी सिक्वेला म्हणायचं याला सीएममध्ये मुदत नाही, जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये मात्र वाहतूक अपघातांच्या सिक्वेलासाठी वाय८५ हा वेगळाच कोड आहे आणि तिथे एक वर्ष किंवा जास्त काळानंतर उद्भवलेले परिणामही धरतात. असो, कोडिंग पुरे.

पादचारी आणि पेडेस्ट्रियन या दोघांत एकच 'पाय' आहे हे सगळ्यांना माहीत असतं, त्यात रमायचं कारण नाही. खरी मजा सिक्वेलात आहे. लॅटिन 'सेक्वि' म्हणजे मागून येणं, पाठोपाठ जाणं. त्याच मूळ धातूचं संस्कृत रूप म्हणजे सच्, सचते, सोबत असणं, मागोमाग राहणं. आणि त्या सच् पासून आपला सचिव! मुळात सचिव म्हणजे सोबती, कायम बरोबर असणारा, मंत्री वगैरे नंतर झाला, पुढे अष्टप्रधानांत तर सुरनीसालाच, म्हणजे राजाची पत्रं तपासणाऱ्यालाच, सचिव म्हणायला लागले. ऋग्वेदाचं पहिलंच सूक्त उघडा, शेवटी अग्नीला म्हटलंय 'सचस्वा नः स्वस्तये', आमच्या कल्याणासाठी आमच्या सोबत राहा. तोच धातू तिकडे लॅटिनमध्ये जाऊन आजारपणाच्या मागे लागला, कल्याणाचं काही नाव नाही! घड्याळातला सेकंद याच कुळातला ('मागून येणारा', म्हणजे दुसरा), अंगावरचा सूटसुद्धा, आणि सिनेमाचा सीक्वेल तर सख्खाच. सखा हाही याच धातूतला मानतात, मला ते पूर्ण पटतं.

आता इथे एक ज्ञानी वर्ग उठून सांगणार की मग सेक्रेटरी आणि सचिव एकच. नाही! सेक्रेटरी 'सीक्रेट'वरून, गुपितं सांभाळणारा, त्याचं मूळ वेगळं करणं, बाजूला ठेवणं असं आहे. उच्चार जवळ आले की नातं जोडायचं ही व्युत्पत्ती नाही, सोयरीक झाली. दुसरे एकजण छातीठोकपणे 'आनुषंगिक' हा शब्द सिक्वेलाचा भाऊ म्हणून सुचवतात, तोही चुकीचा. अनुषंगात संज् धातू आहे, चिकटणं, आसक्तीतला. तिसरा पक्ष आयुर्वेदवाल्यांचा, ते म्हणतात 'उपद्रव' घ्या. चरकाची व्याख्या खरंच सुंदर आहे, मूळ रोगानंतर त्याच्याच आश्रयाने होणारा रोग, पण आश्रय द्यायला मूळ रोग अजून ठाण मांडून असावा लागतो, म्हणून तो कॉम्प्लिकेशनच्या, म्हणजे आजार चालू असतानाच होणाऱ्या गुंतागुंतीच्या, जवळचा. आणि आजच्या मराठीत उपद्रव म्हटलं की डास आणि उंदीर आठवतात, पेशंट रागावेल.

हां, मराठी शब्द विचारला होता. रिपोर्टात 'मागे राहिलेला परिणाम' लिहा, पेशंटशी बोलताना 'त्या अपघाताने मागे ठेवलेलं दुखणं' म्हणा, समजतं. मला विचाराल तर सच् वरून नवा शब्द पाडायला हरकत नव्हती, पण 'सचिव-व्याधी' म्हटलं तर लोक भलत्याच ऑफिसात जातील. इंग्रजी उच्चार सिक्वीला, अनेकवचन सिक्वीली. आपल्याकडे सिक्वेला रुळलाय, तोही चालेल, लॅटिनला उलट तोच जवळचा आहे, पण 'सिक्वेलाज' कृपा करून नको.