टाचेतल्या थेंबात करिअर असतं का?

प्रश्न: माझी मुलगी वैद्यकीय प्रयोगशाळा तंत्रज्ञानाच्या शेवटच्या वर्षाला आहे. प्रशिक्षणासाठी नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात गेली आणि तिथलीच झाली. आता म्हणते, बाळांच्या ब्लड गॅसचं, म्हणजे रक्तातला ऑक्सिजन, कार्बन डायऑक्साइड आणि आम्लता (पीएच) मोजायचं कामच करायचंय. टाचेला टोचायचं, थेंब मशीनला द्यायचा, दोन मिनिटांत कागद बाहेर! उद्या मशीन आणखी हुशार झालं की हिला कोण विचारणार? त्यापेक्षा तिनं मोठ्या प्रयोगशाळेत जावं असं मला वाटतं. तिला कसं समजवू?

उत्तर: नमस्कार. तिला समजवायचं नंतर बघू, आधी तुमचा एक समज दुरुस्त करते. मशीनला जे द्याल तेच ते वाचतं. थेंब चुकीचा घेतला असेल तर तो चुकीचा थेंबच दशांशापर्यंत मोजून देतं. खरं काम त्या दोन मिनिटांच्या आधी झालेलं असतं. समुपदेशनाकडे येण्याआधी मी काही वर्षं हेच करत होते, म्हणून जरा पाल्हाळ लावते.

टाच गार असेल तर आधी तीन ते पाच मिनिटं ऊब द्यायची, पण ४२ अंशांच्या वर जायचं नाही. बाळाची कातडी भाजायला वेळ लागत नाही. टोचायचं तळव्याकडून, टाचेच्या कडेला. मागच्या गोलाईवर कधीच नाही, तिथे हाड कातडीला लागूनच असतं. टोचायच्या लॅन्सेटचं पातं २ मिलिमीटरपेक्षा खोल जाता कामा नये. पहिला थेंब पुसून टाकायचा. पाय धरायचा, पिळायचा नाही. पिळला की रक्तपेशी फुटतात, पोटॅशियम उगाच वाढलेलं दिसतं, ऊतींतलं पाणीही मिसळतं. मग रक्त गोठू न देणाऱ्या हेपरिनची बारीक नळी आडवी धरली की रक्त आपसूक आत शिरतं. मधेच थेंब तुटला तर हवा जाते.

माझ्या नळीत एकदा असाच बुडबुडा राहिला आणि मी सॅम्पल तसंच लावलं. कागदावर ऑक्सिजन भरपूर, कार्बन डायऑक्साइड उतरलेला. व्हेंटिलेटरचा जोर कमी करा, असंच सांगणारा तो कागद. परिचारिकेनं तो बघितला, मग बाळाच्या आत ओढल्या जाणाऱ्या छातीकडे बघितलं आणि म्हणाली, ‘हा आपल्या बाळाचा नाही वाटत.’ पुन्हा टोचलं. कार्बन डायऑक्साइड चढलेलाच होता. त्या आकड्यांपेक्षा ते दुसरं टोचणं मला जास्त आठवतं.

१ किलो वजनाच्या बाळाच्या अंगात सगळं मिळून ८० ते ९० मिलिलिटर रक्त असतं. एका तपासणीला ०.१ मिलिलिटर म्हणजे किरकोळ वाटतं, पण दिवसातून चार-पाच वेळा, तेही आठवडाभर घेतलं तर हिशेब करून बघा. फुकट गेलेलं प्रत्येक सॅम्पल त्यात धरा.

शिवाय टाचेचं रक्त पीएच आणि कार्बन डायऑक्साइडसाठी चालतं, ऑक्सिजनच्या आकड्यावर विसंबता येत नाही. बाळ शॉकमध्ये असेल, म्हणजे रक्ताभिसरण ढासळलं असेल, अंग गार पडलं असेल, पाय सुजला असेल तर बाकीचे आकडेही धरवत नाहीत. मग धमनीचंच रक्त हवं. ‘यावर निर्णय घेऊ नका, धमनीचं पाठवा’ असं वेळेवर सांगणारा तंत्रज्ञ डॉक्टरांना हवाच असतो. ही नजर मशीनसोबत विकत मिळत नाही.

मोठ्या प्रयोगशाळेचं म्हणाल, तर ही तपासणी रुग्णांच्या उपचारात आणली ती प्रयोगशाळेतल्याच माणसानं. १९५२ मध्ये कोपनहेगनला पोलिओची साथ आली. श्वासाचे स्नायू लुळे पडलेल्या रुग्णांना हातानं पिशवी दाबून श्वास दिला जात होता. तो पुरतोय का, हे कळावं म्हणून पॉल आस्ट्रुप या प्रयोगशाळाप्रमुखानं रक्ताचा पीएच मोजून कार्बन डायऑक्साइड काढण्याची रीत बसवली. तेव्हापासून यंत्रं सोपी होत गेली, तशा तपासण्या वाढतच गेल्या.

आता मुलीचं. तिला नेमकं काय आवडलंय, एवढंच विचारा. बाळाजवळचं काम आवडलं असेल तर प्रयोगशाळेची पदविका कदाचित पुरणार नाही. मनगटाच्या धमनीतून किंवा नाळेतल्या नळीतून रक्त घेणं बहुतेक ठिकाणी डॉक्टर, खास प्रशिक्षण घेतलेल्या परिचारिका किंवा श्वसनोपचार तंत्रज्ञ करतात. तसं असेल तर नर्सिंग किंवा श्वसनोपचाराचा विचार आत्ताच करावा लागेल. परवाना काय करू देतो, हे प्रवेशाआधी तपासा. आकडे आणि यंत्र आवडलं असेल तर क्लिनिकल बायोकेमिस्ट्रीत पुढे शिकावं. विभागाविभागांत ठेवलेल्या अ‍ॅनालायझरचं कॅलिब्रेशन (मोजमाप अचूक जुळवणं), क्वालिटी कंट्रोल, कर्मचाऱ्यांचं प्रशिक्षण, हे सांभाळणारी माणसं मोठ्या रुग्णालयांना लागतातच. यंत्राच्या पोटात डोकावायची हौस असेल, तर बायोमेडिकल इंजिनीअरिंग आहे.

निर्णयाआधी तिला तिथे चार रात्रपाळ्या काढू द्या. दिवसा सगळे हाताशी असतात. पहाटे तीन वाजता गार टाच हातात आणि डॉक्टर कागदाची वाट बघतायत, तेव्हा कामाचा खरा अंदाज येतो. पाचव्या दिवशी ती स्वतःच काय म्हणते ते ऐका, आणि मग मला पुन्हा लिहा. या वेळी पत्र तिनं लिहिलं तर आणखी बरं.