अ‍ॅनिमे-मांगाची अजिबात ओळख नाही, मारामारीही आवडत नाही. सुरुवात कशापासून करू?

अ‍ॅनिमे म्हणजे जपानी अ‍ॅनिमेशन, मांगा म्हणजे जपानी चित्रकथा. तुम्ही म्हणता की रहस्यकथा आवडीने वाचता, पण जो तो 'वन पीस' ही मालिका सुचवतो आणि त्याचे हजारावर भाग ऐकूनच धीर खचतो. 'वन पीस' चांगलीच आहे, पण तिची मूळ मांगा १९९७पासून चालू आहे. पहिल्यांदा बघणाऱ्याने गोष्ट पूर्ण झालेली मालिका घ्यावी, असं माझं ठाम मत आहे.

तुमच्यासाठी माझ्या मनात पहिलं नाव येतं ते 'मॉन्स्टर'. नाओकी उरासावाची ही मांगा १९९४ ते २००१ या काळात आली, एकूण १८ खंड. १९८६ सालचं पश्चिम जर्मनी. ड्युसेलडॉर्फच्या इस्पितळात डॉ. तेन्मा नावाचा तरुण जपानी मेंदूशल्यविशारद आहे. डोक्यात गोळी लागलेला एक लहान मुलगा आधी येतो, मागून शहराचे महापौर येतात. 'मुलाला सोड, महापौरांना घे' असा वरून हुकूम येतो. तेन्मा मुलाला वाचवतो, महापौर दगावतात. नऊ वर्षांनी त्याला कळतं की तो मुलगा खुनी झालाय. पुढचं सांगत नाही. यात रहस्य आहेच, पण मला जास्त आवडतात ती वाटेत भेटणारी माणसं. एखादा म्हातारा पोलीस, एखादा दारूत बुडालेला गुप्तहेर. उरासावा त्यांच्यासाठी अख्खं प्रकरण खर्ची घालतो आणि तरी गोष्ट कुठे रेंगाळत नाही. अ‍ॅनिमे ७४ भागांचा आहे आणि मूळ मांगेला बऱ्यापैकी धरून आहे.

७४ जास्त वाटले तर 'डेथ नोट', ३७ भाग. वहीत नाव लिहिलं की माणूस मरतो, एवढ्या एका कल्पनेवर दोन हुशार डोकी एकमेकांना कोंडीत पकडत राहतात. पंचविसाव्या भागानंतर पकड सैल होते, पण तोवर तुम्ही उठणार नाही.

रोज रात्री एखादाच भाग बघायचा असेल तर 'मुशिशी' बघाच. गिंको नावाचा माणूस गावोगाव फिरतो आणि डोळ्यांना सहसा न दिसणाऱ्या विचित्र जिवांमुळे गांजलेल्यांना मदत करतो. प्रत्येक भाग स्वतंत्र. खलनायक नाही, लढाई नाही. कधी उपाय सापडतो, कधी नाही. हलकंफुलकं हवं असेल तर 'बाराकामोन': फक्त १२ भाग, बेटावर धाडलेला चिडका सुलेखनकार आणि त्याला न सोडणारी गावातली पोरं.

'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' हा १९८८चा चित्रपट थोर आहे, पण त्याने सुरुवात करू नका. युद्धातली दोन भावंडं आहेत त्यात. बघून दिवसभर काही सुचत नाही.

मारामारीबद्दल एकच अपवाद करा, 'फुलमेटल अल्केमिस्ट: ब्रदरहुड'. ६४ भागांत गोष्ट पूर्ण होते, आणि युद्धात कत्तल करणाऱ्या सैनिकांच्या अपराधाला ती जितक्या गांभीर्याने भिडते तितकं मोठ्यांच्या मालिकांतही क्वचित दिसतं.

मांगा वाचायची असेल तर मराठी वाचकाला मी आग्रहाने ओसामु तेझुकाची 'बुद्ध' देईन. पहिल्या खंडात कपिलवस्तूपेक्षा चाप्रा या गुलाम मुलाचीच गोष्ट जास्त आहे. तो आपला जन्म लपवून सेनापतीचा मुलगा म्हणून वाढतो. सिद्धार्थ त्या खंडात जेमतेम जन्माला येतो. जातीच्या क्रूरतेपासून बुद्धाची गोष्ट सुरू करावी, हे एका जपानी चित्रकाराला सुचलं याचं मला फार अप्रूप वाटतं. चाप्रा इतिहासात नाही, त्यामुळे चरित्र म्हणून वाचू नका. छोटी मांगा हवी असेल तर योशितोकी ओइमाची 'अ सायलेंट व्हॉइस', सात खंड: शाळेत एका कर्णबधिर मुलीला छळणारा मुलगा मोठेपणी तिला शोधत येतो. २०१६चा चित्रपट सुंदर आहे, पण बाकीच्या मुलामुलींना मांगेतच पुरती जागा मिळते.

मांगा सहसा उजवीकडून डावीकडे वाचतात. पानं तशी उलटायची आणि पानावरच्या चौकटीही त्याच क्रमाने. दहा-बारा पानं अडखळायला होतं, मग नजर बसते. अ‍ॅनिमे मात्र मूळ जपानी आवाजात, खाली उपशीर्षकं लावूनच बघा.