प्रश्न तुमचे: पानाला लोकेशन का मिळत नाही?

प्रश्न: लोकेशन मागणारं पान माझ्या संगणकावर नीट चालतं. तेच वाय-फायवरून फोनमध्ये १९२.१६८ ने सुरू होणाऱ्या पत्त्यावर उघडलं, तर परवानगीची खिडकीच येत नाही. असं का?

उत्तर: पान एचटीटीपीवर आहे, सुरक्षित जोडणीच्या एचटीटीपीएसवर नाही म्हणून. क्रोमने आवृत्ती ५० पासून (२०१६) आणि फायरफॉक्सने ५५ पासून (२०१७) लोकेशन फक्त एचटीटीपीएसवरच द्यायचं ठरवलं. लोकलहोस्टला (यंत्राच्या स्वतःच्या पत्त्याला) यातून सूट आहे, घरच्या नेटवर्कमधल्या आयपी पत्त्याला नाही. फसगत अशी होते, की क्रोममध्ये मिळणारा एरर कोड १ असतो आणि वापरणाऱ्याने ‘नको’ म्हटलं तरी तोच येतो. तेव्हा नुसता आकडा पाहू नका, सोबतचा मजकूरही कन्सोलमध्ये (ब्राउझरची संदेश दाखवणारी खिडकी) छापून घ्या. चाचणीपुरतं भागवायचं असेल, तर अँड्रॉइड फोन यूएसबीने जोडून क्रोमच्या डेव्हलपर टूल्समधलं पोर्ट फॉरवर्डिंग (फोनवरचा पत्ता संगणकाकडे वळवणारी सोय) वापरा. मग फोनमध्येही लोकलहोस्टच उघडतं. पान दुसऱ्या डोमेनच्या पानातल्या आयफ्रेममध्ये (पानात दुसरं पान दाखवणारी चौकट) असेल, तर त्या टॅगच्या ‘अलाउ’मध्ये ‘जिओलोकेशन’ लिहावं लागतं. हे हमखास राहून जातं.

प्रश्न: ‘हाय अ‍ॅक्युरसी’ (जास्त अचूक ठिकाण मागणारा पर्याय) चालू करूनही लॅपटॉपवर ठिकाण काही किलोमीटर चुकतं.

उत्तर: बहुतेक लॅपटॉपमध्ये जीपीएस नसतं. आसपासच्या वाय-फाय राउटरांवरून अंदाज बांधला जातो. तेही नसतील तर आयपी पत्त्यावरून, आणि मग शहरसुद्धा चुकू शकतं. ‘हाय अ‍ॅक्युरसी’ ही विनंती आहे, हुकूम नव्हे. उत्तरासोबत येणारा ‘अ‍ॅक्युरसी’चा आकडा मात्र जरूर वाचा: ती मीटरमधली त्रिज्या असते आणि खरं ठिकाण त्या वर्तुळात असण्याची खात्री ९५ टक्के धरलेली असते. नकाशावर टाचणी टोचण्याऐवजी वर्तुळ काढा. आकडा हजारांत गेला तर जागा हाताने निवडू द्या. फोनवरही असं झालं, तर सेटिंगमध्ये ‘अचूक लोकेशन’ बंद आहे का ते बघा (आयओएस १४ आणि अँड्रॉइड १२ पासून ही सोय आहे). ‘टाइमआउट’ही (किती वेळ वाट पाहायची ती मर्यादा) द्याच, नाहीतर पान कितीही वेळ ताटकळतं. १०,००० मिलिसेकंद पुरतात. परवानगीच्या खिडकीवर गेलेला वेळ त्यात धरत नाहीत.

प्रश्न: फोन लॉक केल्यावरही पान लोकेशन घेत राहील का?

उत्तर: नाही. पान पडद्यावर दिसत असेल तेवढ्यापुरतंच ‘वॉच पोझिशन’ (ठिकाण बदललं की कळवत राहणारं फंक्शन) चालतं, आणि सर्व्हिस वर्करला (पानामागे वेगळा चालणारा कोड) लोकेशन मिळतच नाही. त्यासाठी अ‍ॅपच बनवावं लागेल.