महामारीचा हिशेब दोन वह्यांत मांडू नकोस

चि. विद्यार्थिनीस,

अनेक आशीर्वाद.

कोरोना महामारीचा देशावर झालेला परिणाम या विषयावरील तुझ्या प्रबंधाचा आराखडा मी काळजीपूर्वक वाचला. पहिल्या भागात आरोग्य, दुसऱ्या भागात अर्थव्यवस्था आणि शेवटी दोन्हींचा मेळ घालणारे एक छोटे प्रकरण, अशी तुझी मांडणी आहे. ती नीटनेटकी आहे आणि परीक्षकांना आवडेलही; तरीही माझे मत विचारशील तर ती मोडून टाक. ज्या घरात २०२१ च्या एप्रिलमध्ये माणूस आजारी पडला, त्या घराला आरोग्यावरचा परिणाम आणि आर्थिक परिणाम असे दोन वेगळे परिणाम भोगावे लागले नाहीत. आजाराने कर्ज आणले, कर्जाने पुढचे उपचार अडवले आणि त्याआधी दाटीवाटीच्या वस्तीने व रोजंदारीच्या कामाने तो आजार घरात आणला होता. ही साखळी तुटू न देता लिहिता आले, तरच तुझ्या प्रबंधात इतरांच्या प्रबंधांत नसलेले काहीतरी येईल.

जीव वाचवायचे की जीविका वाचवायची, असा वाद २०२० मध्ये रोज घातला जात होता. तो वादच मुळात चुकीच्या पायावर उभा होता असे मला वाटते, आणि त्याचा पुरावा मुंबईतच मिळाला. त्या वर्षीच्या जुलैमध्ये शहराच्या तीन प्रभागांत रक्तातील प्रतिपिंडांची पाहणी झाली, तेव्हा झोपडपट्टीतील सुमारे ५७ टक्के लोकांमध्ये, तर त्याच प्रभागांतील इमारतींत राहणाऱ्या सुमारे १६ टक्के लोकांमध्ये संसर्ग होऊन गेल्याच्या खुणा सापडल्या. विषाणू एकच, प्रभाग तेच आणि टाळेबंदीचे नियमही सर्वांना सारखेच होते. फरक होता तो खोलीच्या आकाराचा, सामायिक शौचालयाचा आणि घरी बसून पगार मिळण्याच्या सोयीचा. हा आकडा तू आरोग्याच्या प्रकरणात घालणार की अर्थव्यवस्थेच्या? या प्रश्नाचे उत्तर देताना जी अडचण येईल, तीच तुझ्या मांडणीतील अडचण आहे.

टाळेबंदीविषयी लिहिताना तारखा आणि तास यांकडे लक्ष दे. २४ मार्च २०२० च्या रात्री आठला घोषणा झाली आणि मध्यरात्रीपासून २१ दिवसांची देशव्यापी टाळेबंदी लागू झाली. मधल्या चार तासांत, शहरात भाड्याच्या खोलीत राहणाऱ्या आणि आठवड्याच्या शेवटी हातात मजुरी पडणाऱ्या माणसाने नेमके काय करायचे होते, याचे उत्तर कोणत्याही आदेशात नव्हते. १ मेपासून श्रमिक विशेष गाड्या सुरू झाल्या, पण तोवर लाखो लोक पायी निघाले होते. ८ मे रोजी पहाटे तेव्हाच्या औरंगाबाद जिल्ह्यात करमाडजवळ रुळांवर झोपलेले १६ मजूर मालगाडीखाली सापडले. ते जालन्याहून निघून मध्य प्रदेशातील आपल्या गावांकडे चालले होते. कोरोनाबळींच्या कोणत्याही यादीत त्यांची नोंद नाही आणि सकल राष्ट्रीय उत्पन्नाच्या कोणत्याही तक्त्यातही त्यांना जागा नाही. तुझ्या प्रबंधात मात्र ती असायला हवी, कारण महामारीचा परिणाम म्हणजे केवळ विषाणूचा परिणाम नव्हे. विषाणूला देशाने ज्या रीतीने तोंड दिले, त्या रीतीचाही तो परिणाम असतो.

आता आर्थिक आकड्यांकडे येतो. एप्रिल ते जून २०२० या तिमाहीत देशाची अर्थव्यवस्था आदल्या वर्षीच्या तुलनेत २३.९ टक्क्यांनी आकुंचन पावली, असा पहिला अधिकृत अंदाज होता. बांधकाम निम्म्यावर आले, व्यापार, हॉटेल आणि वाहतूक या गटातही जवळपास तितकीच घसरण झाली, आणि शेती मात्र ३.४ टक्क्यांनी वाढली. शेतीने देश तारला, असे वाक्य या आकड्यांवरून पुष्कळांनी लिहिले आहे. तू ते जसेच्या तसे उचलू नकोस. श्रमशक्तीच्या सरकारी पाहणीत शेतीवर अवलंबून असलेल्या कामगारांचा वाटा २०१८-१९ मध्ये ४२.५ टक्के होता, तो २०२०-२१ पर्यंत ४६.५ टक्क्यांवर गेला. अनेक दशके घटत आलेला हा वाटा पुन्हा वाढला, तो शेतीत नवी कामे निघाली म्हणून वाढला नाही. शहरातील काम गेलेला माणूस गावी परतला आणि तीन जणांच्या शेतात पाचवा माणूस राबू लागला. पाहणीच्या भाषेत तो बेरोजगार ठरत नाही. बेरोजगारीचा दर खाली आला हे वाक्य लिहिण्याआधी तो दर कसा खाली आला हे तपासण्याची सवय तुला आत्ताच लागायला हवी.

तिमाही अंदाजांविषयी आणखी एक सावधगिरी सांगतो. ते घाईने तयार होतात आणि त्यांचा बराचसा भार नोंदणीकृत कंपन्यांच्या माहितीवर असतो. नोंदणी नसलेल्या छोट्या धंद्यांचे काय झाले, हे पुष्कळदा त्या माहितीवरूनच गृहीत धरले जाते. महामारीत नेमके हे छोटे धंदे आधी बसले. बिगरकॉर्पोरेट उद्योगांत २०१५-१६ मध्ये ११ कोटींहून अधिक लोक काम करत होते, तर २०२१-२२ च्या पाहणीत ही संख्या ९.७९ कोटी आढळली. हा आकडा हाती आला की सगळी घट महामारीच्या खात्यावर टाकण्याचा मोह होईल, पण मधल्या काळात नोटाबंदी झाली होती आणि वस्तू व सेवा करही लागू झाला होता. कोणत्या धक्क्याचा वाटा किती, हे या दोन टोकांच्या आकड्यांवरून वेगळे काढता येत नाही. ज्या घटीला तीन कारणे आहेत तिला एकच कारण चिकटवणारा अभ्यासक वाचकाची सहानुभूती मिळवतो आणि विश्वास गमावतो.

मृत्यूंच्या मोजणीवर तू दीड पानच ठेवले आहेस. तिथे किमान एक पूर्ण प्रकरण हवे. अधिकृत नोंदीनुसार देशात आजवर सुमारे ५.३३ लाख लोक कोरोनाने दगावले. जागतिक आरोग्य संघटनेने मे २०२२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अंदाजानुसार २०२० आणि २०२१ या दोन वर्षांत भारतात नेहमीपेक्षा सुमारे ४७ लाख मृत्यू जास्त झाले. सरकारने या अंदाजाच्या पद्धतीवर तीव्र आक्षेप घेतला. नागरी नोंदणीत २०१९ मध्ये ७६.४ लाख, २०२० मध्ये ८१.२ लाख आणि २०२१ मध्ये सुमारे १.०२ कोटी मृत्यू नोंदले गेले. एका वर्षात पडलेली वीस लाखांहून अधिक मृत्यूंची ही भर नोंदणी सुधारल्यामुळे काही अंशी वाढलेली असेलही, पण एवढी उडी केवळ नोंदणी सुधारल्याने पडत नाही. रागापोटी सर्वांत मोठा आकडा निवडू नकोस आणि निष्ठेपोटी सर्वांत लहानही निवडू नकोस; प्रत्येक आकडा कोणी, कशाची मोजणी करून काढला हे लिही आणि त्यांच्यातील अंतर वाचकापुढे उघडे ठेव.

हे अंतर कसे पडते, ते समजून घेण्यासाठी मृत्यूच्या वैद्यकीय प्रमाणपत्राचा नमुना क्रमांक ४ एकदा हातात घेऊन बघ. त्यात मृत्यूचे कारण तीन ओळींत, एकाखाली एक असे लिहायचे असते: वर तात्काळ कारण, त्याखाली ते ज्यामुळे उद्भवले ते कारण, आणि सर्वांत खाली ज्या मूळ आजारापासून ही मालिका सुरू झाली तो आजार. त्याखेरीज मधुमेह, उच्च रक्तदाब अशा हातभार लावणाऱ्या व्याधींसाठी वेगळा रकाना असतो. रांगेत रुग्ण ताटकळत असताना थकलेल्या निवासी डॉक्टरने पहिल्या ओळीत 'हृदय व श्वसनक्रिया बंद पडणे' एवढेच लिहून खालच्या ओळी मोकळ्या सोडल्या, किंवा चाचणीचा अहवाल येण्याआधीच रुग्ण गेला म्हणून तिसरी ओळ भरली नाही, तर तो मृत्यू कोरोनाच्या हिशेबातून गळण्याची वाट मोकळी झाली. हे झाले दवाखान्यातील मृत्यूंचे. ज्या देशात साधारण पाचांतील एखाद्याच नोंदलेल्या मृत्यूला वैद्यकीय कारण लावलेले असते, तिथे घरी गेलेल्यांचे काय झाले असेल, याचा अंदाज तूच कर.

आणि इथेही पैसा आडवा येतोच. सर्वोच्च न्यायालयाच्या जून २०२१ मधील निर्देशानंतर मृतांच्या वारसांना ५०,००० रुपयांचे साहाय्य ठरले. त्यासाठी अर्ज येऊ लागले, तेव्हा गुजरातेत अधिकृत मृत्यू दहा हजारांच्या आसपास असताना मंजूर झालेले अर्ज त्याच्या कित्येक पट निघाले. कारणांच्या व्याख्या इथे जरा सैल होत्या हे खरे; तरीही आरोग्य खात्याच्या यादीने जे दाखवले नव्हते, ते महसूल खात्याच्या अर्जांनी दाखवले, ही गोष्ट अभ्यासकाने विसरू नये.

दवाखान्याच्या देयकांचाही असाच जवळून अभ्यास कर. महाराष्ट्र सरकारने मे २०२० मध्ये खाजगी रुग्णालयांतील ८० टक्के खाटांसाठी दर बांधून दिले: सर्वसाधारण विलगीकरण कक्षाला दिवसाला ४,००० रुपये, अतिदक्षता विभागाला ७,५०० आणि व्हेंटिलेटरसह ९,०००. निर्णय चांगला होता, आणि काही शहरांत देयके तपासायला लेखापरीक्षकही नेमले गेले. पण पीपीई किट, सीटी स्कॅन आणि महागडी औषधे या दरांच्या बाहेर होती. ती बाजूला ठेवली तरी पंधरा दिवस व्हेंटिलेटरवर राहिलेल्या रुग्णाचे देयक १,३५,००० रुपये होते. त्याच वर्षी महाराष्ट्रात रोजगार हमीची मजुरी दिवसाला २३८ रुपये होती. म्हणजे बांधून दिलेल्या दरानेही हे देयक साडेपाचशेहून अधिक दिवसांच्या मजुरीएवढे, आणि केंद्राचा कायदा तेव्हा कुटुंबाला वर्षाला हमी देत होता ती शंभर दिवसांची. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत ज्यांना वेळेवर खाट मिळाली, त्यांना हा भार पडला नाही, हेही नोंदव. ज्यांना मिळाली नाही त्यांनी सोने गहाण टाकले, जमीन विकली किंवा सावकार गाठला. नेमक्या याच वर्षी देशपातळीवर कुटुंबांची आर्थिक बचत वाढल्याचे रिझर्व्ह बँकेचे आकडे सांगतात, कारण ज्यांचा पगार चालू होता त्यांना खर्च करायला वाव नव्हता. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, आणि सरासरी काढली की दुसरी पहिलीला झाकून टाकते.

सरकारी उपायांचे मूल्यमापन करताना घोषणेचा आकडा आणि हातात पडलेला रुपया यांतील फरक सांभाळ. वीस लाख कोटींच्या आत्मनिर्भर भारत योजनेचा मोठा भाग कर्ज, कर्जहमी आणि बँकांकडील रोखता या स्वरूपाचा होता. ज्याचे गिऱ्हाईकच नाहीसे झाले, त्याला कर्जाची सोय फारशी तारत नाही. उलट सुमारे ८० कोटी लोकांना दरमहा दिलेले पाच किलो मोफत धान्य आणि २०२०-२१ मध्ये ११ कोटींहून अधिक लोकांनी केलेले रोजगार हमीचे काम, या दोन गोष्टींनी उपासमार टाळली असे माझे मत आहे. त्या चालल्या याचे कारण रेशनचे दुकान आणि जॉबकार्ड ही यंत्रणा आधीपासून उभी होती. ज्याचे रेशनकार्ड गावी आणि पोट शहरात, तो मात्र दोन्हींना मुकला. लसीकरणाविषयी फार लिहिण्याची गरज नाही, त्यावर पुष्कळ लिहिले गेले आहे. १६ जानेवारी २०२१ ला सुरुवात आणि जुलै २०२२ मध्ये २०० कोटी मात्रा, एवढे सांगून दुसऱ्या लाटेच्या वेळी मात्रा का अपुऱ्या होत्या, यावर थांब.

कोरोनाखेरीज जे आजार दुर्लक्षिले गेले, त्यांना तुझ्या आराखड्यात स्थानच नाही. क्षयरोगाच्या २०१९ मध्ये सुमारे २४ लाख रुग्णांची नोंद झाली होती, ती २०२० मध्ये सुमारे १८ लाखांवर आली. रोग कमी झाला नव्हता. तपासणी करणारी माणसे, यंत्रे आणि वाहने दुसऱ्या कामाला लागली होती, आणि बस बंद असल्याने रुग्ण केंद्रापर्यंत पोहोचत नव्हता. निदान न झालेला क्षयरोगी घरातल्या इतरांना रोग देतो आणि स्वतःची कमाई गमावतो, त्यामुळे या सहा लाखांच्या तुटीची किंमत पुढच्या कित्येक वर्षांत वसूल होत राहते. शाळा बंद राहिल्याचेही तसेच. मुलांच्या वाचन-गणिताची चाचणी घेणाऱ्या 'असर'च्या पाहणीत दुसरीच्या पातळीचा मजकूर वाचू शकणाऱ्या तिसरीतील मुलांचे प्रमाण २०१८ मधील २७.३ टक्क्यांवरून २०२२ मध्ये २०.५ टक्क्यांवर आले. त्या मुलांची मिळकत कोणत्याही तिमाहीच्या अंदाजात यायला अजून बराच अवधी आहे.

१९१८ च्या इन्फ्लुएंझाचा उल्लेख तू प्रस्तावनेत केला आहेस, त्याला जोडून एक वाक्य वाढव. त्या साथीचा आवाका आपल्याला कळतो तो १९२१ ची जनगणना झाली म्हणून. १९११ ते १९२१ या दशकात देशाची लोकसंख्या घटल्याचे तिनेच दाखवले. या वेळी २०२१ ची जनगणनाच लांबली आणि लोकसंख्येची मोजणी २०२७ वर गेली. त्यामुळे तुला नोंदणी, पाहण्या, अर्ज आणि देयके अशा तुकड्यांतूनच चित्र उभे करावे लागेल.

सगळ्या देशावर एकदम लिहायला घेऊ नकोस. एक जिल्हा निवड, शक्यतो जिथून माणसे कामासाठी बाहेर जातात असा, आणि एप्रिल ते जून २०२१ हे तीनच महिने धर. ग्रामपंचायतीतील मृत्यूनोंदी, साहाय्याचे मंजूर अर्ज, रोजगार हमीचे हजेरीपट आणि जिल्हा बँकेची सोनेतारण कर्जे, हे चार कागद महिन्यावार एकाच तक्त्यात मांड. तुलनेसाठी २०१९ हेच वर्ष ठेव; २०२० हे आधारवर्ष धरलेस तर टक्केवारी फसवी ठरेल. आशा सेविकांशी बोलायला जाशील तेव्हा त्यांच्या सर्वेक्षणाच्या वह्या पाहायला माग, पण त्यांतील नावे उतरवून घेऊ नकोस. हा तक्ता तयार झाला की मला पाठव, मग प्रकरणांची नावे ठरवू.

तुझा शुभचिंतक