आधी फोनचा बिन उघडा

प्रश्न : मी धुळ्यात बांधकामाची कंत्राटं घेतो. मुलाला बारावी सायन्सला 68 टक्के पडले. त्याला जुन्या घरांवर, गल्लीतल्या लोकांवर माहितीपट करायचेत. मी म्हणतो सिव्हिल कर, नाहीतर निदान आर्किटेक्चर. फोनमध्ये आग्रा रोडची शटरं, गल्लीतले ओटे, मामाच्या गावचं धाबं (मातीचं सपाट छप्पर) असला चाळीस क्लिपांचा कचरा होता. काल रागात सगळा डिलीट केला. चुकलं का? – एक पालक, 2 जून

उत्तर : भाऊसाहेब, 68 टक्क्यांचं मला काही वाटलं नाही. मी अडकले ‘कचरा’ या शब्दावर. त्यातली एक क्लिप तुम्ही नीट पाहिलेली दिसते, कारण पत्राच्या इथे न छापलेल्या भागात तिचं वर्णन तुम्हीच केलंय: पावसाच्या तोंडावर आजी धाब्यावर खारी माती पसरतेय आणि अनवाणी पायांनी तुडवतेय. तुम्ही कंत्राटदार. असं धाबं शेवटचं कधी बांधलंत? तिथे दिवाळीनंतर स्लॅब पडणार, हेही तुम्हीच लिहिता.

आणि सिव्हिलचा हट्ट कशासाठी? माझा अंदाज, तुम्हाला साइटवर विश्वासाचा माणूस हवाय. मग तसं त्याला सांगा, पगार ठरवा. डिग्री मधे आणू नका.

इमारतींवर फिल्म करायची तर आधी आर्किटेक्चर, हा समज मला दर जूनमध्ये भेटतो. बी.आर्क.च्या पाच वर्षांत ऊन कुठून येईल, जिना कुठे बसेल हे शिकवतात. ओटा घ्या. नकाशावर ती एक रेघ. सकाळी त्यावर दुधाची कॅन, दुपारी वाळत घातलेल्या कुरडया, रात्री लाइट गेली की अख्खी गल्ली. हे टिपायला एकाच ओट्यासमोर तीनदा उभं राहावं लागतं, आणि कुणी हाकलणार नाही इतकी ओळख लागते. कॅप्टन ब्रिग्ज या इंग्रज अधिकाऱ्याने 1819च्या सुमारास धुळ्याला जिल्ह्याचं ठाणं केलं, हे गॅझेटियरमध्ये, म्हणजे जिल्ह्याच्या सरकारी माहितीग्रंथात सापडतं. आज कोण कुणाच्या ओट्यावर बसत नाही, ते कुठे सापडणार?

रस्ते ठरलेले आहेत: बारावीवर एनआयडी या डिझाइन संस्थेची डॅट ही प्रवेशपरीक्षा, नाहीतर कुठलीही पदवी घेऊन पुण्याची एफटीआयआय ही फिल्म संस्था किंवा कोलकात्याची सत्यजित रे फिल्म संस्था. तोवर धुळ्यातच बी.ए.ला बसवा, शूटिंग चालू राहू दे.

पैशाचं तुमचं म्हणणं खरं आहे. नुसत्या माहितीपटांवर घर चालणं कठीण, म्हणून एडिटिंग किंवा साउंड, एक हात पक्का हवाच. ‘लग्नाची शूटिंग करत फिरेल’ असं नाक मुरडून लिहिलंय तुम्ही. फिरू द्या. लग्नात रीटेक नसतो, हात लवकर बसतो.

आता घाईचं. बहुतेक फोनमध्ये डिलीट केलेले व्हिडिओ गॅलरीच्या बिनमध्ये तीस दिवस राहतात. आज 24 जून. छापून यायला आठवडा जाईल, म्हणून हे उत्तर तुम्हाला आधीच पाठवतेय. फोन त्याच्याच हातात द्या, तुम्ही बटणं दाबू नका.