विचारा तर खरं : लाल मंगळावरची बाई

प्रश्न : किंग्ज सर्कलच्या फुटपाथवर चाळीस रुपयांत मंगळावरच्या जुन्या इंग्रजी कथांचं पुस्तक मिळालं. लेखक ली ब्रॅकेट. बाबा म्हणतात, कुणी अमेरिकन गृहस्थ असणार. खरं का?
– एक वाचक, लालबाग

उत्तर : गृहस्थ कसले, बाई होत्या! बाबांना म्हणावं, हीच चूक हॉलिवूडचे दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्स यांचीही झाली होती. १९४४ची तिची रहस्यकादंबरी वाचून त्यांनी ‘त्या ब्रॅकेटला’ बोलावून घेतलं, तर समोर तिशीच्या आतली बाई! तरी काम तिलाच दिलं: ‘द बिग स्लीप’ची पटकथा, जोडीला कादंबरीकार विल्यम फॉकनर.

झालं काय, तेव्हा ‘प्लॅनेट स्टोरीज’ या विज्ञानकथांच्या नियतकालिकासाठी तिची एक दीर्घकथा निम्मी लिहून झाली होती. उरलेली तिने सोपवली रे ब्रॅडबरी नावाच्या होतकरू पोराकडे. १९४६ साली ती दोघांच्या नावाने छापून आली. त्याच वर्षी तिने विज्ञानकथाकार एडमंड हॅमिल्टनशी लग्न केलं.

तिचा मंगळ म्हणजे आटलेले कालवे आणि ढासळती शहरं. विज्ञान कच्चंच, पण वाचताना घशाला कोरड पडते. (मी तर लोकलमध्ये वाचता वाचता दादर चुकवलंय.)

‘स्टार वॉर्स’ मालिकेतल्या ‘द एम्पायर स्ट्राइक्स बॅक’च्या पटकथेचा पहिला खर्डाही तिचाच. तो देऊन १९७८च्या मार्चमध्ये ती वारली, सिनेमा आला १९८०मध्ये.

आणि हो, पुस्तकाची पानं पिवळी पडून कडा झडत असतील, तर ते भिंतीला टेकवून ठेवू नका. आपल्याकडचा पावसाळा अशा कागदाला सोडत नाही.