जर्मनीत हॉकी कोच व्हायचंय? आधी व्हिसाचा आकडा बघ

"दादा, खडकीत खेळलो, आता डिपार्टमेंटच्या टीममध्ये आहे, वय २९. जर्मनीत दोन सीझन खेळून कोचिंगला लागावं म्हणतो," असं लिहिलंयस. मीही पिंपरीतल्या नेहरूनगरच्या टर्फवरून हेच डोक्यात घेऊन निघालो होतो. आपल्या खडकीचा धनराज पिल्ले जर्मनीत स्टुटगार्टला खेळला, मग आपण का नाही, एवढाच काय तो अभ्यास.

पहिली ठेच व्हिसाची. खेळाडू किंवा कोच म्हणून परवाना हवा तर पगार पेन्शन विम्याच्या कमाल मर्यादेच्या (म्हणजे ज्या पगारापर्यंतच विम्याचा हप्ता कापतात, तिच्या) निदान निम्मा लागतो. २०२५ साली तो महिना ४,०२५ युरो होता, कर कापण्याआधीचा. शिवाय इथल्या हॉकी फेडरेशनने तुझी लायकी मान्य करायला हवी. आता हॉकी क्लब म्हणजे काही फुटबॉलवाले नव्हेत. फ्लॅट, सायकल आणि वर थोडे पैसे, अशीच ऑफर जास्त. माझ्या पहिल्या क्लबने "कागदपत्रं आम्ही बघतो" म्हटलं आणि बघतच राहिले; माझा अख्खा सीझन खडकीत गेला. क्लबच्या पत्रात 'यूबुंग्सलायटर' (मानधनावरचा प्रशिक्षक) शब्द दिसला तर सावध हो. ते नुसतं मानधन असतं, वर्षाला २०२५ पर्यंत ३,००० आणि २०२६ पासून ३,३०० युरोपर्यंत करमुक्त. त्यावर व्हिसा होत नाही. एफएसजे नावाचं स्वयंसेवक वर्ष २७ च्या आतल्यांना, म्हणजे तुझी ती गाडी सुटली. मी शेवटी शिकायला म्हणून आलो आणि कोचिंग त्याच्या जोडीने केलं.

दोन सीझन खेळण्याचा नाद मात्र सोड असं माझं स्पष्ट मत. तुझा ड्रॅग फ्लिक बघून कोणी लहान मुलं तुझ्या हाती देत नाही. कोचिंगचं सी लायसन्स किमान १२० तासिकांचं, आणि वर्ग जर्मनमधून. त्यामुळे आत्ताच बोट क्लब रोडच्या मॅक्सम्युलर भवनात नाव घाल. पुण्यात जर्मन शिकणारे पैशाला पासरी, सरावाला माणसं मिळतील.

भाषेचं का म्हणतो ते ऐक. माझ्याकडे आठ वर्षांची बारा पोरं होती. मला म्हणायचं होतं, स्टिक खाली ठेवा. स्टिकला 'श्लेगर' म्हणतात, तो शब्द ऐन वेळी आठवेना, म्हणून नुसतं ओरडलो, "आले हिनलेगेन!" म्हणजे 'सगळे आडवे व्हा!' बाराच्या बारा पोरं नुकत्याच पाणी मारलेल्या टर्फवर आडवी झाली. कडेला उभ्या आया हसत होत्या. घरी जाताना एक चिमुरडी मला तो शब्द तीनदा म्हणायला लावून गेली.

हिवाळ्यात मैदान बंद, सगळे हॉलमध्ये. तिथे स्टिक मागे नेऊन हिट मारायचीच नाही, फक्त बॉल ढकलायचा, म्हणजे पुश. गोलवर मारताना सोडून बॉल उचलायचा नाही, आणि साइडलाइनच्या फळ्यांवर आपटून पास द्यायचा. पहिल्या हिवाळ्यात मला ते कॅरमच वाटलं. कोच म्हणून निम्मं शिक्षण तिथेच झालं, खोटं नाही सांगत.

राजीनामा देऊ नकोस, बिनपगारी रजा मिळते का ते विचार. रविवारी खडकीत दहा वर्षांखालची पोरं घे, फुकट का होईना. इथे मुलाखतीत तेच विचारतात. पोलिसांचा चारित्र्य दाखलाही काढून ठेव, मुलांसोबत काम म्हटलं की मागतात. आणि ऑफर आली की सही करण्याआधी त्यातला 'ब्रुटो', म्हणजे कर कापण्याआधीचा आकडा मला कळव.